दौंडच्या म्हाताऱ्याचं खोडरबर

दौंडचा म्हातारा खरा नव्हता. हे आधीच सांगून टाकते, कारण पत्रकं लिहून लिहून मला मुद्दा वर घ्यायची सवय लागलीय. माणूस एसटीची वाट बघत उभा असतो, त्याच्या हातात आपला कागद पडतो, आणि पहिल्या दोन ओळींत काही कळलं नाही तर तो त्यात शेंगदाणे बांधून घेतो. तर मुद्दा असा. दौंडचा म्हातारा मी आणि माझ्या ताईनं लहानपणी रचला. तो सटवाईला पेन, शाई आणि कागद करून द्यायचा. आणि माझी भाची जन्मली तेव्हा या नसलेल्या माणसावर आमचं सगळं येऊन ठेपलं.

आमचं घर कारेगावात. पुढं कंपन्या, मागं आमचा शेवंतीचा आणि कोबीचा तुकडा, मधे आप्पांनी बांधलेल्या भाड्याच्या खोल्या. मी शाळेत जायला लागले त्या सुमारास काकूला मुलगा झाला आणि घरात पाचवी पुजली. पाटा धुऊन मांडला, वरवंटा उभा केला, हळदकुंकू, ज्वारी, विळा, समई, आणि मधोमध एक कोरा कागद, त्यावर पेन. रात्री सटवाई येते आणि बाळाचं सगळं आयुष्य लिहून जाते, म्हणून हा सरंजाम. मी विचारलं, "आई, तिच्याकडं स्वतःचं पेन न्हाई का?" आईनं माझ्या पाठीत धपाटा घातला आणि म्हणाली, "देवाची चेष्टा करती व्हय गं?"

दुसऱ्या दिवशी शेवंती तोडताना ताईनं उत्तर दिलं. ताई माझ्याहून बरीच मोठी. तिला कुठल्याही प्रश्नाचं उत्तर यायचं. नसेल तर ती तयार करायची.

"आपण ठेवतो ते नुसतं दाखवायला," ती म्हणाली. "तिचं खरं पेन तिच्यापाशी असतं. दौंडला एक म्हातारा हाय, तो तिला करून देतो."

"दौंडलाच का?"

"तिथं जंक्शन हाय. सटवाईला गावोगाव फिरायचं असतं, तिला गाडी नको का धरायला?"

ताई एकदा आप्पांबरोबर दौंडला लग्नाला जाऊन आली होती. भीमेचा पूल, रुळांचं जाळं आणि काळवंडलेल्या भिंती एवढंच तिनं पाहिलं होतं. तेवढ्यावर आम्ही दोघींनी म्हाताऱ्याचं अख्खं आयुष्य उभं केलं. वाफ्यात बसून, कोबीची पानं खुडताना, आई हाक मारत असताना ओ न देता.

तो रुळांच्या कडेला जन्मला. त्याच्या घरी पाट्यावर कागद ठेवला गेला, पण पेन नव्हतं. घरात लिहिणारंच कुणी नव्हतं. तेव्हा सटवाई स्वतःचं पेन घेऊन फिरत नसे. ती आली, थोडा वेळ उभी राहिली, आणि तशीच परत गेली. त्याचं कपाळ कोरं राहिलं. त्यामुळं तो काय होणार हे कुणालाच माहीत नव्हतं, त्यालाही नव्हतं. मोठा झाल्यावर त्यानं ठरवलं की असं कुणाच्या बाबतीत व्हायला नको, आणि त्यानं सटवाईसाठी पेन बनवायला घेतलं.

शाई तो जुन्या इंजिनांच्या काजळीची करायचा. त्यात बाभळीचा डिंक आणि बाळंतिणीच्या डोळ्यांतलं पाणी.

"ते कुठनं आणतो?"

"मागतो. देत्यात बाया. त्यांच्याकडं लई असतं."

कागद गुऱ्हाळातल्या चिपाडांचा, इतका पातळ की कपाळाला चिकटला की दिसत नाही. मग त्याला इतर गोष्टींचाही नाद लागला. खोटं लिहिलं की टोक मोडणारी पेन्सिल त्यानं काढली. तिचा खोका ग्रामपंचायतीला दिला. संध्याकाळी भुगा परत आला. पुसली तरी लक्षात ठेवणारी पाटी काढली. ती मास्तरांनी घेतली नाही, पोरांनी तर मुळीच नाही. आणि आयुष्यभर तो एकाच गोष्टीमागं लागला होता, ती म्हणजे खोडरबर. सटवाईनं कपाळावर लिहिलेलं पुसणारं. ते त्याला कधी जमलं नाही. लिहिलेलं तसंच राहायचं आणि माणसाच्या भुवया जायच्या. शिरूरच्या स्टँडवर एक बिनभुवयांचा कंडक्टर होता, तो दिसला की ताई माझ्या कानात म्हणायची, "ह्यानं म्हाताऱ्याकडनं घासून घेतलंय."

ताईचं लग्न दौंडकडच्याच गावात झालं. निघताना सगळे रडत होते आणि ही माझ्या कानाशी, "बघून येते गं त्याला." मग मोबाइलवर म्हातारा सुरू झाला. आज पुलावर दिसला, धोतर काळं झालं होतं. आज त्याची बायको माहेरी गेली, म्हणे घरात सगळीकडं शाईच. मी कॉलेजात, नंतर मोर्च्यात, नंतर पोलीस ठाण्याच्या बाकावर ते वाचायची आणि एकटीच हसायची.

ताईचं पहिलं राहिलं नाही. तिसऱ्या महिन्यातच गेलं. त्यानंतर तिचा निरोप आला तो असा: "म्हाताऱ्याचंही एक मूल गेलं होतं. तवापास्नं तो खोडरबराच्या मागं हाय. आपल्याला उगंच हसायला यायचं."

आता माझं. मी पत्रकं काढते. आमचा चार डोक्यांचा गट आहे, कुणाचा झेंडा नाही. आम्ही पहिल्यांदा काढलं होतं ते सटवाईवरच: सटवाई नको, सकस आहार द्या. आईनं त्याचे कागद डाळीच्या डब्यांत तळाशी अंथरले. त्यानंतरचं पत्रक दिवस पुरे न भरलेल्या बाळांवर. मागण्या साध्या. तालुक्याच्या गावी अशा बाळांसाठी काचेची पेटी आणि ती चालवणारं माणूस हवं, आणि रुग्णवाहिकेला रस्त्यात वाट हवी. कंपन्या आल्या, त्यांच्यासाठी वीज आली, पाणी आलं, कंटेनर वळावा म्हणून रस्ता रुंद झाला. बाळाला एक पेटी येईना. हे मी शिक्रापूरच्या चौकात ओरडून सांगितलंय, तळेगाव ढमढेरेच्या बाजारात भाजीच्या ढिगांमधून फिरून सांगितलंय. तिथं एक मामा म्हणाले, "पेटी? आंब्याची का गं पोरी?" मी समजावलं. ते म्हणाले, "बरं बरं. दे, पोराला वाचायला देतो," आणि कागद घडी करून टोपीत ठेवला. पत्रक एका बाजूनंच छापायचो आम्ही. मागची बाजू कोरी राहायची.

दुसऱ्या खेपेला ताई बाळंतपणाला माहेरी आली, सातव्यातच. दुपारी अंगणात फुलं निवडत बसली होती. एकदम म्हणाली, "बारके, आईला बोलव." तिच्या मांडीवरची शेवंती तशीच खाली सांडली.

शिरूरच्या एका दवाखान्यात मुलगी झाली. एवढीशी. आप्पांच्या तळव्यावर मावेल अशी. डॉक्टर बरे होते, त्यांनी हात जोडूनच सांगितलं की आमच्याकडं पेटी नाही, पुण्याला हलवा. ताई तिथंच राहिली, आई तिच्यापाशी. बाळ, एक नर्स आणि मी रुग्णवाहिकेत. दाजी पुढं मोटरसायकलवर, हात हलवत, लोकांना बाजूला हो म्हणत. आमच्या कारेगावावरून गेलो, खोल्यांच्या गच्चीवर वाळत घातलेले कपडेसुद्धा दिसले.

शिक्रापूरला थांबलो. थांबलो म्हणजे थांबलोच. पुढं कंटेनर, शेजारी उसाची ट्रॉली, मागं पाळी सुटलेल्या कंपन्यांच्या बसेस. भोंगा वाजत होता. ड्रायव्हर माझ्याकडं वळून म्हणाला, "म्याडम, आजून किती वाजवू? आइकू न्हाई जात असं कुणी न्हाई हितं." मी उतरले. ट्रकांच्या पत्र्यावर हातानं बडवत सुटले, सरका, सरका! एकानं काचेतून डोकं बाहेर काढलं. "उडून जाऊ का, दीदी? आप ही बताओ." त्याला शिवी द्यायला तोंड उघडलं आणि दिसलं की त्याच्या पुढं खरंच वीतभर जागा नाही. चहाच्या टपरीच्या पत्र्यावर आमचं पत्रक चिकटलेलं होतं. मीच चिकटवलं होतं. परत येऊन पाहिलं तर नर्स दोन बोटांनी श्वास द्यायचा छोटा फुगा दाबत होती, दाबत होती, आणि बाळाची नखं जांभळी झाली होती. तिनं वर बघितलं नाही. म्हणाली, "दार लाव."

पुण्यात पेटी मिळाली. नळ्या लागल्या. तिथले डॉक्टर म्हणाले, वाटेत ऑक्सिजन कमी पडलाय, बघू. त्यानंतर आम्ही सगळे "बघू" या एका शब्दावर जगत होतो. ताईला दुसऱ्या दिवशी आणलं, आई कारेगावला घरी गेली. कुणी दिसत नाही अशा कोपऱ्यात बसून ती वाटीत दूध पिळायची, नर्स ते नळीनं द्यायची. बाकी वेळ ती काचेला नाक लावून उभी. टाके ओले, पाय सुजलेले, बस म्हटलं तर बसायची नाही.

"बारके, म्हाताऱ्याचं सांग," असं म्हणायची.

आणि मी सांगायचे. जिनं सटवाईविरुद्ध पत्रक काढलं, ती मी, दवाखान्याच्या त्या काचेशी उभी राहून सटवाईच्या कारागिराचं चरित्र सांगत होते. म्हातारा आता खोडरबरातही घालायचा तो बाभळीचा डिंक सोडून उंबराचा चीक घालतोय. परवाच्या रबरानं भुवया शाबूत राहिल्या. अक्षरं थोडी फिकट झाली. ताई प्रत्येक वाक्याला मान हलवायची, डोळे काचेवरच. मी थांबले की तिचा श्वास अडकायचा, म्हणून मी थांबत नव्हते.

पाचवा दिवस उजाडला आणि आईचा फोन आला. पाचवी पुजायची. बाळ पेटीत असलं म्हणून काय झालं, घर तर इथं आहे. मी आवाज चढवला, म्हटलं, आई, इथं पोर मरणाच्या दारात आणि तुला पाटा सुचतोय? आई म्हणाली, "मग मला दुसरं काय करता येतंय ते सांग. ते करते." फोन ताईनं ऐकला होता.

"तू जा घरी," ती म्हणाली. "कपडे आण. आन् पेन काढून घे."

"कुठलं पेन?"

"पाट्यावरचं. म्हाताऱ्याच्या घरी पेन नव्हतं, तवा ती तशीच माघारी गेली का न्हाई? त्याचं काय वाईट झालं? किती वर्षं झाली आपण त्याला वाढवतोय, मेला का कवा? त्याचं मरण लिहिलेलंच न्हाई. हिचं बी नको लिहायला."

"ताई, तो आपण केलेला माणूस आहे."

तिनं पहिल्यांदा काचेवरून नजर काढली. "आन् सटवाई कुणी केली?"

मी घरी आले. दिवेलागण होत होती. आईनं माजघरात पाटा मांडला होता, पुढं बाळ नाही, बाळंतीण नाही, नुसता पाटा आणि समई. बाळाच्या जागी तिनं ताईचं जुनं परकर-पोलकं घडी करून ठेवलं होतं. घरात कोरा कागद सापडला नव्हता. सापडली ती माझी पत्रकं, गठ्ठाच्या गठ्ठा. आईनं एक उलटं करून पाट्यावर घातलं होतं, कोरी बाजू वर. त्यावर माझंच निळं पेन. आप्पा उंबऱ्यात बसले होते. ते एरवी माझ्या चळवळीवर तोंड सोडतात, त्या दिवशी म्हणाले, "तुजा कागद लागला एकदाचा कामाला." आणि मान फिरवून डोळे पुसले.

आई नैवेद्य आणायला चुलीकडं गेली. मी वाकले आणि पेन उचललं. नमस्कार करतेय असं आप्पांना वाटलं असणार. अंधश्रद्धेवर मी तासभर बोलू शकते. त्या क्षणी मला खरोखर वाटत होतं की मी वेळेत पोचलेय. कपड्यांची पिशवी घेतली, मिळाली ती जीप धरली आणि परत पुण्याला.

ताईला पेन दाखवलं. तिनं ते मुठीत घट्ट धरलं, पोलक्यात खोचलं, आणि भिंतीला टेकून बसली. दूध पिळायचं सोडलं तर आली तेव्हापासून ती पहिल्यांदाच बसली होती.

दुसऱ्या दिवशी एक नळी काढली. डॉक्टर "बघू" म्हणाले नाहीत, "ठीक आहे" म्हणाले. दाजींनी बाहेर जाऊन सगळ्यांना चहा आणला, नर्सबाईंनाही. ताई मला हळूच म्हणाली, "म्हाताऱ्याला म्हणावं, राहू दे आता रबर. लागणार न्हाई." बाळाला उचकी लागली होती, आणि उचकीबरोबर अख्खं अंग उडायचं ते बघून ताई हसली. तोंडावर हात ठेवून हसली.

त्याच्या दुसऱ्या दिवशी, दुपारी, बाळ गेलं.

काय झालं ते डॉक्टरांनी नीट सांगितलं. मी ते नीट ऐकलं, लिहूनही घेतलं, सवयच ती. सारांश असा की त्या अर्ध्या रस्त्यात जे कमी पडलं ते नंतर भरून निघालं नाही. परत येताना शिक्रापूरचा चौक मोकळा होता. गाडी एकदाही थांबली नाही. तेव्हा मला जे वाटलं ते छापता येणार नाही.

आप्पांनी आणि दाजींनी तिला शेवंतीच्या कडेला, बांधाला पुरलं. घरात बायका जमल्या. त्यांतल्या बहुतेकींनी ताईला अंगाखांद्यावर खेळवलेलं, मनानं वाईट एकही नाही. एक म्हणाली, "तेवढंच घेऊन आली हुती." दुसरी एक म्हातारी म्हणाली, "सटवाईनं लिहिलंच तेवढं, कुणी काय करावं?" आणि सगळ्यांनी माना हलवल्या.

कपाळ ही फार सोयीची जागा आहे. तिथं टाकलं की कुणाला जाब विचारावा लागत नाही. पेटी का नव्हती, रस्ता का अडला, मुलीला सातव्यात कळा आल्या तर धावायचं कुठं, हे सगळं त्या दोन बोटांच्या कपाळावर बसवायचं आणि चहा प्यायचा. मला सहन झालं नाही.

"कशानं लिहिलं?" मी ओरडले. "पेन होतं का तिथं? पाट्यावरचं पेन मी काढून नेलं होतं! कुणी काही लिहिलं नाही तिचं. ती रस्त्यात मेली, रस्त्यात!"

आई उठली नाही, ओरडली नाही. फक्त विचारलं, "काय म्हनलीस?" तिला कळलं होतं.

"तरीच," आई म्हणाली. "लिहिलंच न्हाई. पुढचं काय लिहिलंच न्हाई तिचं, म्हून थांबली पोर माझी."

हे मला सुचलंच नव्हतं. युक्तिवाद करायला बसले की समोरचा काय म्हणेल ते मी आधी लिहून काढते, पण हे नव्हतं सुचलं. आईनं मला मारायला हवं होतं. ती नुसती बघत राहिली. आणि भिंतीकडं तोंड करून निजलेली ताई उठून बसली. तिची छाती दुधानं भरून आलेली, पोलकं ओलं, आईनं वरून फडकं घट्ट बांधलेलं.

"मी सांगितलं हुतं तिला," ताई म्हणाली. "माझ्यामुळं गेली म्हंजी." आणि पोलक्यातलं निळं पेन काढून तिनं खाली टाकलं.

तेवढ्यात दारातून आवाज आला, "काकी, पेन तो था."

आमच्या भाड्याच्या एका खोलीत राहणारी भाभी. बिहारकडची. तिचा नवरा कंपनीत लागलेला. ती उंबऱ्याबाहेरच उभी होती, पदर तोंडावर. भीत भीत बोलली. "उस दिन दिया देखने आई थी मैं. कागज था, कलम नहीं था. हमारे यहाँ छठी में रखते हैं ना, वैसे ही. मैंने सोचा, घर में इतनी परेशानी, भूल गए होंगे. इनकी जेब से निकालकर रख दिया. बताना था… फिर मौका नहीं मिला."

आई उठली. पाचवीचं सगळं तिनं सुपात काढून ठेवलं होतं. ज्वारी, सुपारी, माझं पत्रक, आणि त्याखाली एक पांढरं पेन, कंपनीचं नाव घासून गेलेलं. आईनं उचलताना ते नीट बघितलंच नव्हतं. तिनं पेन हातात धरून पुन्हा पुन्हा फिरवलं. मग भाभीला म्हणाली, "आत ये गं. बाहेर काय उभी ऱ्हायलीस?" आणि तिथंच खाली बसून मोठ्यानं रडायला लागली. तोवर ती रडली नव्हती.

ताईनं पत्रक मागून घेतलं. कोरी बाजू उजेडाकडं धरली, तिरकी करून बघितली, बोट फिरवून बघितलं.

"काय न्हाई ह्यावर," ती म्हणाली. मघाची म्हातारी पुटपुटली, "आपल्याला कुठं दिसतंय ते?" ताईनं तिच्याकडं बघितलंही नाही. "कागद हुता. पेन हुतं. रात्रभर हुतं. तरी तिनं काय लिहिलं न्हाई. म्हंजी तिला न्हाई लिहायचं. बारके, ते पेन घे. आपण लिहू."

मी भाभीचं पेन घेतलं. ते अडत अडत चालायचं. मी सवयीनं वर "मागणी" असं लिहिलं. ताईनं बघितलं आणि म्हणाली, "खोड ते. मागण्या मागच्या बाजूला हायत तुझ्या. हितं तिचं लिही."

"काय लिहू?"

"जे झालं ते. शेवंती निवडत हुते तिथनं."

मग ताई सांगत गेली आणि मी लिहीत गेले. अंगण, शिरूर, नसलेली पेटी. शिक्रापूरचं मी सांगितलं, कारण तिथं ताई नव्हती. ते तिनं पहिल्यांदाच पूर्ण ऐकलं. फुगा दाबणारी नर्स, जांभळी नखं, ट्रकचा ड्रायव्हर. ड्रायव्हरला मी वाईट लिहिलं होतं, ताईनं ते बदलायला लावलं. मग पुण्याची काच. डावा कान उजव्यापेक्षा लहान होता. नळी लावताना भुवया आवळायची. उचकीला अख्खी उडायची. एवढंच होतं तिचं, ते एका बाजूत मावलं, खाली जागाही उरली. बायका ऐकत होत्या. कपाळाचं पुन्हा कुणी काढलं नाही. निदान त्या दुपारी नाही.

सगळं झाल्यावर मी विचारलं, "म्हाताऱ्याचं काय करायचं?"

"त्याचं काय," ताई म्हणाली. "तो जगंल. त्याला कुठं कपाळ हाय."

आता आमचं पत्रक दोन्ही बाजूंनी छापलेलं असतं. एका बाजूला मागण्या, दुसऱ्या बाजूला तिचं आयुष्य. ज्यांना मागण्यांचा कंटाळा येतो ते उलटं करून वाचतात, आणि मग वर बघतात. यानं पेटी आली का? नाही आली. निवेदनं दिली, पोच मिळाली, पेटी नाही.

ताईचा सव्वा महिना संपायचा होता तेव्हाची गोष्ट. आई नको नको म्हणत असताना ती माझ्याबरोबर शिक्रापूरला आली, डोक्याला फडकं, छातीवर आईनंच बांधलेलं दुसरं. मी म्हटलं, तू टपरीशी बस, मी वाटते. तिनं अर्धा गठ्ठा माझ्या हातातून ओढून घेतला. कंटेनर उभे, ट्रॉल्या उभ्या, बसच्या खिडक्यांतून कंपनीची पोरं बघतायत. ती एकेका खिडकीत कागद देत चालली होती. काही बोलत नव्हती, नुसता द्यायची.

आणि मागून, कारेगावच्या बाजूनं, भोंगा ऐकू आला.

मी ओळखला. ताईनंही ओळखला. आत कोण होतं ते आम्हाला आजही माहीत नाही. ताईच्या हातातला गठ्ठा खाली पडला, कागद चाकांखाली पसरले, आणि ती ट्रकांच्या मधनं पळत सुटली, दोन्ही हातांनी पत्रे बडवत, "सरका! सरका वो मामा! जरा सरका!" तिच्या पुढं कुठंच जागा नव्हती. मी दुसऱ्या बाजूनं बडवायला लागले.